नऊ नंबरच्या चपला

कोथिंबीर खुडायची राहिली, ती फुलावर आली,
आणि तिच्यावर पिवळे-काळे पट्टे
घोंघावू लागले.
डबके म्हणाले (सोसायटीचे सेक्रेटरी,
तिसऱ्या मजल्यावरून, खाली न उतरता),
"गांधीलमाश्या आहेत. फवारून टाकू."
मीही मान हलवली.
लहानपणी सासवडला एक डसली होती, कानामागे.
दोन दिवस कान भजीएवढा.

तौसीफ आला. पाठीवरचा पंप न उतरवताच
कुंडीपुढे उकिडवा बसला.
बराच वेळ.
मला वाटलं, भाव वाढवायचा विचार करतोय.

मग म्हणाला, "काकू, ह्या नुसत्या माश्या आहेत.
गांधिलीचे कपडे घातलेत, एवढंच."

मी चष्मा बदलून आले.
बत्तीस वर्षं सहकारी बँकेच्या कॅश काउंटरवर काढलेली बाई मी.
खोटी नोट आधी अंगठ्याला कळायची,
मग डोळ्यांना.
म्हटलं, दाखव.

"हिला पंख दोनच. गांधिलीला चार,
पण ती बसली की घडी घालते,
म्हणून नुसत्या पंखांवर जाऊ नका.
डोळे बघा. हिचं अख्खं डोकं म्हणजे डोळेच.
गांधिलीचे बाजूला असतात, राजम्याच्या दाण्यासारखे.
आणि मिशा…"
मिशा मला दिसेनात.
"नाहीच दिसणार. हिच्या असून नसल्यासारख्या.
गांधिलीच्या लांब, कोपरात वाकलेल्या."

एक माझ्यासमोर हवेत थांबली.
थांबली म्हणजे अगदी
अदृश्य खिळ्याला अडकवल्यासारखी.
"गांधील अशी टांगून राहत नाही," तौसीफ म्हणाला,
"तिच्यामागे घरची कामं असतात."

मग ती माझ्या मनगटावर उतरली.
कंबर बघितली: दोरा बांधल्यासारखी नव्हती,
सरळसोट होती, माझ्यासारखी.
मी जरा बोट हलवलं, तर बुड वाकवून
टोचल्याचा केवढा आव आणला तिने!
काही टोचलं नाही.
पुन्हा शांतपणे माझा घाम चाखत बसली.

"हिची पिल्लं मावा खातात, काकू. राहू द्या."
पैसे घेईना. पाणी प्यायला,
आणि दारात बूट घालताना
नजर गेली त्याची त्या चपलांवर.

नऊ नंबर, काळ्या, पुरुषी.
बोहरी आळीशेजारच्या दुकानात घेतल्या होत्या;
दुकानदार म्हणाला होता, साहेबांनाच आणा ना मापाला.
साहेब कोण, मला तरी कुठे ठाऊक आहे.
त्याच दिवशी पाटीही आणली:
कुत्र्यापासून सावध.

तौसीफ बघत राहिला.
कुंडीपुढे बसला होता तसाच, तेवढ्याच सावकाश.
चपलांच्या तळावर अंगठ्याचा खळगा नाही,
पट्ट्याखाली धुळीचा थर,
आणि अर्धा तास झाला, आतून एकदाही भुंकणं नाही.
मी ओढणी सारखी केली.
हसेल, वाटलं. किंवा विचारेल.

गेटपाशी जाऊन वळला,
आणि वरच्या तिन्ही मजल्यांना ऐकू जाईल अशा आवाजात म्हणाला,
"साहेबांना सांगा, काही काळजी नाही!
आणि कुत्र्याला बांधूनच ठेवा, मघाशी अंगावर आला माझ्या!"

डबक्यांचं डोकं कठड्यावरून पुढे आलं.
"मेल्या का?"
"छे हो," मी म्हटलं, "भलत्याच जहाल जातीच्या निघाल्या.
औषधाला बधत नाहीत.
तुम्ही आपले कुंडीपासून लांबच राहा."

कोथिंबीर अजून खुडलेली नाही.
बाजारातून जुडी आणते, दहाला.

संध्याकाळी चपलांवर फडकं मारलं.
मग थोडा विचार करून
डावी जरा तिरकी केली, उजवी वीतभर पुढे,
आत्ताच कुणी घाईत काढून
आत गेल्यासारख्या.