शेरा

बंदरातून रिटायर होताना बाबांनी दोन गोष्टी आणल्या:
एक पितळी घड्याळ, जे कधी चाललंच नाही,
आणि टॅली क्लार्कची कोरी बुकं, सात.
गोणी मोजायच्या रकान्यांत मग ते
इंग्रजी शब्द उतरवून घेऊ लागले.
'माल'खाली शब्द. 'तपशील'खाली अर्थ.
'नग'खाली नेहमी एक.

डिक्शनरी फाउंटनच्या फुटपाथवरची,
पुढची पानं शेंगदाण्यांच्या पुड्यांत गेलेली,
त्यामुळे बाबांचं इंग्रजी सुरू व्हायचं
ॲप्रिसिटीपासून:
थंडीतल्या उन्हाची ऊब.
शेरा: मुंबईत आवक नाही.
क्वचित जानेवारीत, यलो गेट, सात ते सव्वासात.

ग्रोक: दुसरा जेवत असताना,
आपल्यालाही बोलावतील म्हणून गप्प बघत राहणं.
शेरा: नऊ नंबर शेडचं मांजर. महिनाअखेरीस साळगावकर.
आणि खाली, वेगळ्या शाईत:
मीही. पहिले सहा महिने.

हे शब्द ते कुणाशी बोलले नाहीत.
वडाळ्याच्या त्या दोन खोल्यांत
आईशी दिवसाला चाळीसेक शब्द,
त्यांतला एक 'मीठ'.

एकदा तिनंच विचारलं,
उष्ट्याला काय म्हणतात हो तुमच्यात?
तुमच्यात, म्हणजे इंग्रजांत.
बाबा दोन दिवस पानं उलटत होते.
सहाव्या बुकात ती ओळ आहे.
उष्टं. नग एक. तपशील कोरा.
शेरा: माल उतरलाच नाही.

शेवटच्या पानावर अक्षर मोठं,
मोतीबिंदूमुळे रकान्याबाहेर सांडलेलं.
नूडियस्टर्शन: कालच्या आदल्या दिवसाचा.
ओव्हरमॉरो: उद्याच्या नंतरचा दिवस.
दोन्ही कधीच मोडीत निघालेले, तिकडंही कुणी वापरत नाही.
शेरा, लाल पेनानं, जरा तोऱ्यात:
यांच्या दोन गोणींचा माल
आपण एकाच गोणीत भरतो. परवा.

फोन येतात. कधी गेले, विचारतात.
परवा, मी सांगते.

उशीखाली डोळ्याच्या ऑपरेशनची चिठ्ठी निघाली.
उपाशीपोटी यावे. सोबत एक माणूस आणावा.
कधीची गं, आईनं विचारलं,
तिचा चष्मा सापडत नव्हता.
परवाची, मी म्हटलं.

ती बराच वेळ चादरीची घडी करत राहिली.
मग म्हणाली,
सोबत कोण जातंय?