दोनशे शब्दांचा चौकोन

फॉर्मच्या चौथ्या पानावर एक चौकोन आहे :
संस्थेचे ध्येय व वेगळेपण. कमाल दोनशे शब्द.
मुगळी मॅडम म्हणाल्या, "आवळे, तुम्हीच भरा.
तुमच्याच लोकांचं कॉलेज की हे."

माझे लोक.
माझा आजा खानापुरात, मिशनच्या कौलकारखान्यात
माती तुडवायचा.
देवासाठी आला की भाकरीसाठी, कधी बोलला नाही.
रात्रीच्या शाळेत अक्षरं शिकला, आधी कानडी, मग मराठी,
आणि दोन्हींत सारखाच चुकायचा.

लिहितो : "लुथरन परंपरेतील हे महाविद्यालय..."
खोडतो.
हजेरीपटावर अकराशे बावीस मुलं.
रविवारी देवळात दिसणारी चौदा,
त्यातली दोन हॉस्टेलच्या सांबारामुळे.
चॅपलमध्ये आता स्पर्धा परीक्षेचा वर्ग भरतो,
वेदीवर प्रोजेक्टर.
मी एकदा हटकलं होतं. मग आठवलं,
त्याच्या आधी तिथं वटवाघळं होती.

आणि पाटी.
तिला दोनदा डांबर लागलं, एकदा ह्यांचं, एकदा त्यांचं.
दोन्ही वेळा मीच रॉकेल आणि चिंधी घेऊन शिडीवर.
प्रत्येकानं आपल्या आईच्या भाषेत वाचावं
ह्या हट्टातून जी वाट सुरू झाली,
तिच्याच दारात भाषेवरून काळं.
हे चौकोनात बसेल?

मंगळवारी सकाळी वाचनालयाच्या सागवानी दारावर
कागद.
चार खिळे, चांगले दोन इंची.
खाली सही : निलोफर तहसीलदार, बी.एस्सी. दुसरं वर्ष.
मराठी, कानडी, उर्दू. एकोणीस मागण्या.

वाचनालय पाचला का बंद? नंदगडची आमची बस साडेसहाला आहे.
प्रॅक्टिकलचे पैसे घेता, ॲसिड कुठं आहे?
मुलींच्या संडासाला कडी नाही.
ज्यांची फी माफ झाली त्यांची नावं बोर्डावर का लावता?

ती यादी मीच टाचतो.
कृपा विकत मिळत नाही, असं रविवारी उभं राहून म्हणतो,
सोमवारी टाचण्या घेऊन जातो.

मॅडम संतापल्या : "शंभर वर्षांचं दार! काढून टाका तिला!"
कागदाला की मुलीला, विचारायचं राहिलं.
मी पक्कड घेऊन गेलो.
तीन खिळे निघाले. चौथ्यापाशी सतरावी मागणी होती :
"प्रार्थना तुमची आहे, तुम्ही करा.
आम्हाला एवढंच सांगा,
जे म्हणता ते तुम्ही मानता का?"

उन्हात किती वेळ उभा होतो कोण जाणे.
घंटा झाली, पोरं अंगाला घासून गेली,
कागद एका खिळ्यावर फडफडत राहिला.

निलोफरला विचारलं, खिळेच का गं?
म्हणाली, "सर, ह्या दमट हवेत सेलोटेप टिकत नाही की."
दुसऱ्या कुठल्या दाराची, दुसऱ्या कुठल्या कागदाची
तिला गंधवार्ता नव्हती.
मीही सांगितलं नाही. सांगितलं असतं तर
तिचे खिळे आमचे झाले असते.

काढलेले तीन खिळे परत ठोकले, त्याच भोकांत.
दुपारी सायमन सुताराला घेऊन गेलो.
कडी पंचेचाळीस रुपये, पितळेची नाही, लोखंडी.
सायमननं ती आतून लावून बघितली, उघडली, परत लावली,
आतून ओरडला, "बसली!"
इतका आनंद मी त्याच्या तोंडी
नाताळातसुद्धा ऐकला नव्हता.

संध्याकाळी चौकोनात लिहिलं :
मुलींच्या संडासाला कडी बसवली. बाकी अठरा कामं शिल्लक.

संगणकानं खाली बारीक अक्षरात दाखवलं,
अजून एकशे ब्याण्णव शब्द लिहिता येतील.
बोर्डावरची यादी उतरवून खिशात घातली.
वाचनालयाची किल्ली आज माझ्याकडे आहे,
आणि साडेसहाला अजून अवकाश आहे.

मॅडमनी फॉर्म अजून वाचलेला नाही.