पान

आमच्या कारखान्यात पानं दोन प्रकारची:
तंबाखूची आम्ही वळतो,
कागदाची ओदालिस वाचते.

पिनार देल रिओची वीज सकाळीच गेली.
पंखे गप्प, रेडिओ गप्प.
ती उंच खुर्चीवर चढून बसली,
चष्म्याची एक काडी दोऱ्याने बांधलेली,
आणि कालच्या जागेवरून सुरू:
विधवा दार उघडायला उठली होती.

दारात कोण आलंय, एवढं
आम्हाला रात्रभर पुरलं होतं.
माझ्या बायकोने तर तांदळाच्या रांगेत
तिघींशी पैज लावली.

ओदालिसचा आवाज काही गोड नाही. मध्येच खोकते.
पण खोकताना बोट ओळीवर दाबून धरते,
ओळ उठून जाईल जणू.

अशाच एका खोकल्यात युनिएल, वय एकोणीस,
कानातली बोंडं काढून म्हणाला,
"मी मोबाइलवर शेवट बघितलाय. सांगू?"

नव्वद सुऱ्या थांबल्या.
"तोंड उघडून तर बघ,"
म्हातारा एवेलिओ म्हणाला,
ज्याला आजवर कुणाचा राग आला नव्हता.

पोरगा गप्प. ओदालिसने पान उलटलं.
विधवेने कडी काढली.
दारात कुणीच नव्हतं, फक्त
ओले बूट, जोडीने, नीट ठेवलेले.

मी तिरक्या नजरेने पाहिलं:
युनिएलच्या हातातलं पान अर्धं वळलेलं, तसंच.
त्याला सगळं ठाऊक होतं.
बूट सोडून.

मग आम्ही सुऱ्या फळीवर आपटल्या,
टाळ्यांऐवजी, आमची रीत.
एक जरा उशिरा वाजली.