सहावा थांबा

मडगावला पालिकेच्या बागेपाशी, साडेसहाला,
मिटलेली लाल छत्री दिसेल तिथं थांबा, असा निरोप होता.
छत्री होती. तिच्या टोकाशी एर्मेलिंडा कुलासो,
पायात कॅनव्हासचे बूट, गळ्यात शिट्टी.
तीन तासांत एकदाच वाजवली, तीही कुत्र्यासाठी.

आम्ही सहा जण.
कराडचे दातांचे डॉक्टर, त्यांच्या पत्नी नीलांबरीबाई,
दोन बेल्जियन मुली, उडुपीचा एक अबोल पोरगा,
आणि मी, लातूरहून बँकेच्या तपासणीला आलेला,
संध्याकाळ रिकामी, जेवणाचा भत्ता शिल्लक.

"थांबे सात," ती म्हणाली.
"पहिल्याच ठिकाणी पोट भरून घेणारा मला लांबून ओळखू येतो."
माझ्याकडे बघितलं नाही.
मी तिसऱ्या मिरचीभज्याकडे गेलेला हात खिशात घातला.

मग पातळ भाजी, सुकी भाजी, एकाच बशीत,
आणि पाव, म्हणजे ज्याला मी आजवर पाव म्हणत आलो ते.
पोयी, उंडो, कात्रो, कांकण,
शाळेतल्या बाईंसारखं तिनं एकेकाचं नाव घोकून घेतलं
आणि कांकण मनगटात चढवून दाखवलं.
उडुपीचा पोरगा तेव्हा पहिल्यांदा हसला.

चोरीसपाशी डॉक्टर अडले.
नीलांबरीबाईंनी दोन खाल्ले, नवऱ्याकडे पाठ करून.
केशरी तेल कोपरापर्यंत ओघळलं
तर रुमाल न शोधता त्यांनी ते सरळ चाटलं.
"यात काय काय असतं?" बेल्जियन मुलीनं विचारलं.
"माडाचं विनेगर, मिरची," एर्मेलिंडा म्हणाली,
"आणि मे महिन्याचं ऊन. ते जुलैत उघडायचं."

पाचवा थांबा मला आठवत नाही.
काहीतरी गोड होतं, गुळाचं, दाताला चिकटणारं.
डॉक्टर त्यावर बरंच बोलले.

सहाव्या थांब्यावर काही नव्हतं.
विजेचा खांब, एक बंद गाळा,
आणि रस्त्यावर तेलाचा काळा डाग, परातीएवढा.
"इथं गुणाजी शिरवईकरचा गाडा," ती म्हणाली.
"गेल्या गणपतीपासून लावत नाही. गुडघे.
मुलगा बोटीवर आहे, रोज सातशे अंडी फोडतो,
पण ती वेगळी अंडी."
मग छत्री खांबाला टेकवून तिनं तवा तापवला.

म्हणजे, सांगितलं.
कांदा किती बारीक, अंडं किती उंचावरून,
आमलेट उलटताना गुणाजी खालचा ओठ कसा चावायचा,
आणि वरून शागुतीचा रस, पळीभर नव्हे, बुडेपर्यंत,
भाजलेलं खोबरं, खसखस, आणि जायफळ,
जायफळ आहे हे तो कुणाला कबूल करायचा नाही.
लिंबाची फोड काठाला.
"जपून. बशी तापलीय," ती म्हणाली,
आणि शप्पथ सांगतो, नीलांबरीबाईंनी हात मागे घेतला.

पैसे त्याचेही घेतले होते आमच्याकडून, सातात एक.
अशी नोंद मी कुठल्याही वहीत लाल शाईनं गोल करतो:
माल नाही, बिल आहे.
मी विचारलंच, हा थांबा तुम्ही काढत का नाही?
"त्याचा वाटा त्याला पोचतो," ती म्हणाली.
"दर सोमवारी. तो मोजून घेतो."

सातव्या थांब्यावर सोलकढी होती, थंडगार.

दुसऱ्या दिवशी तपासणी दुपारीच आटोपली.
गाडीला वेळ होता, म्हणून चालत गेलो,
खांब शोधला, डागाच्या कडेला उभा राहिलो.
भूक नव्हती, म्हणजे नसावी.
मागून स्कूटरवाला आला, त्याला तिथंच लावायची होती.
"मातसो कुशीक सर रे," तो म्हणाला.
मी सरलो.
त्यानं स्टँड लावला, बरोबर तव्यावर.