शाफ्टवरचं अक्षर

बडोद्याच्या मैदानावर, सकाळी साडेसहाला,
शनाभाईनं माझा ड्रायव्हर जमिनीला टेकवून
हळूच दाबून पाहिला.
वाकला नाही.
"एस म्हणजे स्टिफ, साहेब.
हा तुमच्या चाळिशीतला."

मी तर सगळ्यांना सांगत आलो,
एस म्हणजे सुर्वे.

दोन वर्षं चेंडू उजवीकडं, बाभळीत.
दोष दिला मनगटाला, वाऱ्याला,
एकदा तर विश्वामित्रीतल्या मगरींना.

त्यानं दुसरी स्टिक काढली. तिच्यावर ए.
"म्हणजे काय?"
"म्हणजे हवे उतावळ नथी."

वरून फिरताना ती किंचित मागं राहिली,
माझ्यासाठी थांबल्यासारखी,
आणि चेंडूपाशी आम्ही एकदमच पोचलो.

फार लांब नाही गेला.
पण पडेपर्यंत दिसला.

शनाभाई काही बोलला नाही.
जुन्या ड्रायव्हरला त्याची लोकरी टोपी
घालत बसला.