मिनिटाला वीस थेंब

उजवं मनगट प्लास्टरमध्ये,
म्हणून आज माझे हात तिला उसने.
हेमलता तेंडोलकर, निवृत्त सिस्टर,
समोरच्या फ्लॅटमधून हाक मारते
तेव्हा ती विनंती नसते.

मनामातला गुरुवार. ऑगस्ट.
खिडकीच्या काचेला बाहेरून घाम.
"हात धुतलेस? कोपरापर्यंत?"
मी हिशेबनीस माणूस, कोपरापर्यंत कशाला?
धुतो.

एकोणऐंशी साली, ती सांगते, हॉस्पिटलच्या मेसमध्ये
गुरुवारी रात्री सँडविच, आणि सगळ्यांत कोंबडी.
ही एकटी कोपऱ्यात
काकडीला मीठ लावून खायची.
मेसचा म्हातारा अब्बास बोलला काहीच नाही,
पुढच्या गुरुवारी एक बशी वेगळी झाकून ठेवली.
त्याच्या पुढच्या गुरुवारी लतीफाने तीच मागितली,
मग अन्नम्माने, मग फौजियाने.
"शेवटी कोंबडी उरायला लागली रे,"
म्हणते, आणि विणायची सुई घालून
प्लास्टरच्या आत खाजवते.

त्या तिघी आज येणार आहेत, साडेसहाला.

अंडं नाही. अब्बासची रीत:
कंडेन्स्ड मिल्कचा अर्धा डबा,
मोहरीची पूड, नाकात झिणझिणेल इतकी,
मीठ, व्हिनेगर. आणि तेल.
"ओतायचं नाही. सलाईन लावलंय समज.
मिनिटाला वीस थेंब."
मोजणं मला येतं.
एका हाताने घोटतो, दुसऱ्याने थेंब सोडतो,
वाडग्यात हळूहळू काहीतरी जाड होत जातं,
चमच्याची वाट आता लगेच बुजत नाही.

दोनशेच्या पुढे कुठेतरी फोन वाजतो.
रत्नागिरीहून. सतरा दिवसांनी.
खांद्यात धरतो.
"काय करतोयस?"
"तेल मोजतोय."
पलीकडे शांतता, इकडे बाटली कलते,
आणि झालं. फाटलं.
वर तेल, खाली रवाळ चोथा,
फोनही कट.

"पेशंट गेलेला नाही अजून," सिस्टर म्हणते.
"दुसरं वाडगं घे. कोरडं.
त्यात चमचाभर गरम पाणी.
आता हे बिघडलेलं त्यात घाल,
चमचा चमचा. घोटत राहा.
आणि तोंड असं करू नकोस, मी माणसं परत आणलीयत."

येतं. खरंच येतं परत.
आधी नुसतं पांढुरकं पाणी,
मग साय, मग मलमासारखं,
मोहरीचा पिवळा हलकेच वर आलेला.
ती करंगळीने चाटते
आणि भिंतीवरच्या घड्याळाकडे बघते.
म्हणजे पास.

पुढचं सोपं. निळ्या डब्यातलं चीज किसून,
बुदय्याच्या बाजारातली काकडी, कागदाहून जाड नको,
उकडलेलं बीट पंचात दाबून कोरडं,
नाहीतर पावाला जखम झाल्यासारखी दिसते.
पुदिना. मिरी. वर पाव.
चार बाजूंच्या कडा काढायच्या,
मग कर्णावर सुरी, एकदाच, न करवतता.
ओल्या मलमलीखाली बत्तीस त्रिकोण
वॉर्डात झोपल्यासारखे.

साडेसहाला तिघी येतात, काठ्या दोन,
अत्तर तीन प्रकारचं,
अरबी, मल्याळी, हिंदी, आणि मधेच
लतीफाचं "बस गं, बस!" असं चोख मराठी.
पहिला घास. कोणी काही म्हणत नाही.
अन्नम्मा चष्मा काढून पुसते.
फौजिया म्हणते, मोहरी कमी आहे,
अब्बास असता तर ओरडला असता.
मग चौघी हसतात, तो दिवसभर ओरडायचाच म्हणून.

मी आत, सिंकपाशी उभा.
कडांचा ढीग, वाडग्याला लागलेलं उरलंसुरलं.
एक कड बुडवतो. गोड, आंबट, मग नाकात झिणझिण.
दुसरी बुडवतो.
डाव्या हाताने रत्नागिरीचा नंबर लावतो.
वाजतंय.
घाई नाही.
वाजू दे.