दहाचं नाणं

श्रेयनामावली टाइप करतेय. रात्रीचे पावणेदोन,
सिडकोतली खोली, पंखा बंद.
पंख्याची घरघर माइकला चालत नाही.
आज रेकॉर्डिंग नाही, तरी सवय.

कॅमेरा : यामिनी पगार.
ध्वनी : यामिनी पगार.
संकलन, संशोधन, उपशीर्षकं,
स्कूटर, डबा, परवानगीचे अर्ज : तीच.
निर्मिती म्हणजे निफाडच्या द्राक्षकंपनीची जाहिरात
आणि सोळा लग्नांचे व्हिडिओ.
आडनाव पगार, आणि पगार तेवढा कुणालाच नाही.

पहिल्या दिवशी पुंजाराम गांगुर्डेंनी
कमरेएवढ्या पाण्यातून विचारलं,
"बाकीची माणसं कधी येतील?"
म्हटलं, आलीत सगळी.
त्यांनी माझ्यामागे पार पुलापर्यंत पाहिलं.

रामकुंडाच्या खालच्या अंगाला
ते दोरीला बांधलेलं लोहचुंबक फेकतात,
जुना स्पीकर फोडून काढलेलं.
रुपया चिकटतो, दोनचं चिकटतं,
दहाचं चिकटत नाही.
दहाचं पायाला कळावं लागतं.
हे मी टिपलंय, दोनदा.
एकदा फोकस गेला,
एकदा मधेच मी खोकले.
ध्वनीवाली दिग्दर्शिकेशी दोन दिवस बोलली नव्हती.

आणि मग तो बुधवार.
गोदाकाठचा बाजार उठत होता,
बॅटरी संपलेली, दुसरी घरी चार्जिंगला.
तेव्हा ते बोलले,
पाण्याकडे बघत, माशी हाकलावी तसं,
एकच वाक्य.
द्वारकेच्या सिग्नलला पेट्रोलच्या पावतीमागे लिहून घेतलं.
तोवर वीस मिनिटं गेली होती.

फिल्ममध्ये त्या जागी काळा पडदा, नऊ सेकंद,
त्यावर पांढऱ्या अक्षरांत ते वाक्य.
लेखिकेनं त्यातला एक शब्द बदलला.
मग क्रियापद शेवटून मधे आणलं.
मग "लोकं"चं "माणसं" केलं.
आता वाक्य सुरेख झालंय,
नखाला नेलपॉलिश लावल्यासारखं.

आज सकाळी लॅपटॉप घेऊन घाटावर गेले.
पुंजाराम पायरीवर पाय उन्हाला टाकून बसले होते,
बोटांच्या बेचक्या पांढऱ्याफटक.
वाचून दाखवलं.
त्यांनी पूर्ण ऐकलं, मान हलवली.
"मी? मी असं न्हाई बोलणार, ताई.
चांगलंय पण.
तुमच्याच त्या माणसांतलं कुणीतरी बोललं आसंल."
आणि टपरीकडे बघून,
"चहा किती सांगू?"

अक्षरं काढून टाकलीत.
काळा पडदा ठेवलाय.
त्याच्याखाली पाणी, आणि कोथिंबिरीच्या जुड्या
गोणपाटावर आपटल्याचा आवाज.

तोही दुसऱ्याच बुधवारचा.